अडुळसा: पातेल्यातला आणि बाटलीतला

गेल्या अंकात खोकल्यावरच्या एका प्रश्नाला उत्तर देताना मी ओघात लिहिलं होतं की, अडुळशाचा काढा चहासारखा दिवसभर पीत बसू नये. त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आली की या वेळचं सगळं सदर अडुळशालाच द्यावं लागतंय. काहींना राग आलाय ("बाई, आमच्या आजीनं जन्मभर पाजला, काय झालं आम्हाला?"), काहींना साध्या शंका आहेत, आणि गारगोटीकडचं एक पत्र वाचून मी खरोखर काळजीत पडले. औषधनिर्माण महाविद्यालयात मी फार्माकॉग्नोसी शिकवली, म्हणजे औषधी वनस्पतींची ओळख आणि पारख. मी वैद्य नाही, डॉक्टरही नाही. पानात काय आहे, ते पाण्यात कसं उतरतं आणि पोटात गेल्यावर काय करतं, एवढं सांगू शकते.

प्रश्न: सासूबाई रोज अडुळशाचा काढा देतात. डॉक्टरांनी ब्रोमहेक्झिन असलेलं सिरप लिहून दिलंय. दोन्ही घेतलं तर चालेल का? की काढा नैसर्गिक आहे म्हणून तोच घेऊ? (एक गृहिणी, कागल)

तुमच्या सासूबाई आणि तुमचे डॉक्टर एकाच झुडपाचं औषध देताहेत, आणि बहुधा दोघांनाही ते माहीत नाही.

अडुळशाचं शास्त्रीय नाव जस्टिशिया अधाटोडा. जुन्या पुस्तकांत आणि अजूनही पुष्कळ बाटल्यांवर अधाटोडा व्हासिका असं दिसेल. १८८८ साली उटकमंडला (आजच्या उटीला) सरकारी नोकरीत सिंकोनाचं झाड आणि त्याच्या सालीतलं हिवतापावरचं क्विनीन यांचं काम पाहणाऱ्या डेव्हिड हूपर या रसायनतज्ज्ञाने याच्या पानांतून एक कडू अल्कलॉइड (वनस्पतीतला, शरीरावर परिणाम करणारा नायट्रोजनयुक्त पदार्थ) वेगळं केलं. तेच व्हॅसिसिन. गंमत म्हणजे त्याच साली जर्मनीत आल्ब्रेख्ट कोसेलने चहाच्या पानांतून थिओफायलिन काढलं, जे पुढे दम्याचं औषध म्हणून जगभर वापरलं गेलं. चहाच्या कपात ते इतकं नगण्य असतं की चहा पिऊन कुणाचा दमा बरा व्हायचा नाही, हे आधीच सांगून ठेवते, नाहीतर पुढच्या महिन्यात त्याची पत्रं येतील. शाहू महाराजांनी पन्हाळ्यावर चहाची लागवड करून पाहिली होती. तो चहा आपल्याकडे टिकला नाही, अडुळसा मात्र गावोगाव कुंपणाला उभा आहे आणि त्याची पानं तोडायला कुणाची परवानगी लागत नाही.

व्हॅसिसिनच्या रेणूत कार्बनचे ११, हायड्रोजनचे १२, नायट्रोजनचे २ आणि ऑक्सिजनचा १ अणू असतो. वाळलेल्या पानात अल्कलॉइडांचं प्रमाण साधारण अर्ध्या टक्क्यापासून दोन टक्क्यांपर्यंत मिळतं. हे प्रमाण झुडूप कुठलं, पान कोवळं की जून, तोडलं कधी, यावर हलतं. हवा लागली की व्हॅसिसिनमधले हायड्रोजनचे दोन अणू जातात, ऑक्सिजनचा एक येतो आणि त्याचं व्हॅसिसिनोन होतं. १९५९ साली अमीन आणि मेहता या संशोधकांनी दाखवलं की हे व्हॅसिसिनोन श्वासनळ्या सैल करतं. म्हणजे खोकल्यावर अडुळसा द्यायचा, ही घराघरातली समजूत पोकळ नव्हती. तिच्या मागे एक ठरावीक पदार्थ होता.

पुढचं काम औषध कंपन्यांनी केलं. व्हॅसिसिनचा सांगाडा समोर ठेवून, जुन्या वाड्याचा आराखडा घेऊन नवं घर बांधावं तसा एक वेगळा रेणू तयार झाला. तो ब्रोमहेक्झिन, जर्मनीतल्या बोहरिंगर इंगेलहाइमने १९६३ साली बाजारात आणलेला. यात ब्रोमिनचे दोन अणू आहेत, जे अडुळशाच्या पानात शोधूनही सापडायचे नाहीत. ब्रोमहेक्झिन पोटात गेल्यावर यकृतात त्याचं जे रूपांतर होतं त्यातला महत्त्वाचा पदार्थ म्हणजे अँब्रोक्सॉल, आणि तोही आज स्वतंत्र औषध म्हणून मिळतो. दोघांचं काम एकच: घट्ट, चिकट कफ पातळ करायचा, म्हणजे तो खोकून बाहेर पडतो.

आता तुमचा खरा प्रश्न. एकाच कामाची दोन औषधं एकदम कशाला? डॉक्टरांनी दिलेलं सिरप चालू आहे तोवर काढा बंद ठेवा, आणि काढा घेत होते हे डॉक्टरांना सांगा. ते रागावतील म्हणून लपवू नका. दुसरं, बाटलीवरची बारीक अक्षरं वाचा. ब्रोमहेक्झिन बहुतेक वेळा एकटं नसतं. सोबत टर्ब्युटालिनसारखं श्वासनळ्या सैल करणारं औषध असतं, ज्याने काहींचे हात थरथरतात, छातीत धडधडतं. मग लोक म्हणतात "सिरप बाधलं," आणि दोष ब्रोमहेक्झिनला जातो. काही बाटल्यांत कफ सुटवणारं औषध आणि खोकला दाबणारं डेक्स्ट्रोमेथॉर्फॅन शेजारी शेजारी बसलेले असतात. कफ पातळ करायचा आणि तो बाहेर टाकणारी उबळ मात्र दाबायची, हा कारभार मला विद्यार्थ्यांना कधी पटवून देता आला नाही, कारण मलाच पटलेला नाही.

राहिलं 'नैसर्गिक'. युरोपच्या औषध नियामक संस्थेने २०१५ साली ब्रोमहेक्झिन आणि अँब्रोक्सॉलच्या माहितीपत्रकात त्वचेच्या तीव्र प्रतिक्रियेचा इशारा घालायला लावला. धोका अगदी थोडा, पण तो मोजला, छापला आणि लोकांपर्यंत पोहोचवला. काढ्याला असं माहितीपत्रक नसतं म्हणून त्याला धोकेच नाहीत असं आपण धरून चालतो. जास्त झाला तर उलट्या आणि जुलाब होतात, हे तर कुठलेही वैद्य सांगतील.

प्रश्न: पान वाटून वाटून हात दुखलं, पण रस काय निघंना. शेवटी सुनेनं चहातच चार पानं, गवती चहा, तुळस आणि सुंठ घालून दूध घालून उकळला. चवीला बरा लागतो, पण खोकल्याला उतार नाही. कुठं चुकतंय? (एक आजी, राजारामपुरी)

आजी, या पत्रावर मी खूश आहे, कारण यात सगळी रसायनशास्त्राची प्रात्यक्षिकं आहेत.

आधी रस. अडुळशाचं ताजं पान कितीही वाटा, चोथाच हाताला लागतो. जुन्या वैद्यांना ही अडचण ठाऊक होती, म्हणून त्यांनी पुटपाक सांगितला: पानांचा गोळा करायचा, तो दुसऱ्या मोठ्या पानात गुंडाळायचा, वरून मातीचा लेप द्यायचा, निखाऱ्यात भाजायचा आणि गरम असतानाच पिळायचा. उष्णतेने पानाच्या पेशी मऊ पडून फुटतात आणि आतलं पाणी सुटतं. तुम्हाला माती लिंपायची गरज नाही. पानं स्वच्छ धुवा, इडलीपात्रात किंवा चाळणीवर ठेवून वाफवा, चांगली मलूल झाली की वाटा आणि फडक्यातून पिळा. तव्यावर शेकून केलंत तरी चालेल, फक्त करपवू नका. मोठ्या माणसाला अशा रसाचं आयुर्वेदातलं सर्वसाधारण प्रमाण १० ते २० मिली, मधासोबत. वाटीभर नाही. तुम्ही रक्तदाबाच्या किंवा आणखी कशाच्या गोळ्या घेत असाल तर आधी विचारून घ्या.

काढा करायचा तर ठेचलेली पानं, आठपट पाणी, मंद आचेवर चौथा हिस्सा उरेपर्यंत. पातेलं स्टीलचं. अडुळशाचं अल्कलॉइड उडून जाणारं नाही, ते पानातल्या सेंद्रिय आम्लांशी बांधलेल्या क्षाराच्या रूपात पाण्यात उतरतं आणि त्याला वेळ लागतो. पाच मिनिटांच्या चहात ते पुरेसं उतरत नाही.

गवती चहाचं अगदी उलट. त्याचा वास म्हणजे सिट्रल, जिरॅनियल आणि नेराल या दोन जुळ्या रेणूंचं मिश्रण, आणि गवती चहाच्या तेलात बहुतेक भाग याचाच असतो. हे सुगंधी तेल वाफेबरोबर उडतं. तुम्ही काढ्याइतका वेळ उकळलात तर सगळं स्वयंपाकघर घमघमेल आणि पातेल्यात गवताचं पाणी उरेल. त्याला उकळतं पाणी ओतायचं, झाकण ठेवायचं, थोडं मुरू द्यायचं, बस्स. तुळशीच्या तेलाचंही तसंच. एकाला उकळी हवी आणि दुसऱ्याला झाकण, त्यामुळे दोघं एका पातेल्यात सुखाने नांदत नाहीत. एकत्रच हवं असेल तर अडुळशाचा काढा आटवून खाली उतरवा आणि मग त्यात गवती चहा टाकून झाका.

चहापत्तीचा आणखी एक खोडा आहे. चहात टॅनिन नावाचा तुरट पदार्थ असतो आणि टॅनिन अल्कलॉइडांना धरून गाळात बसवतं. प्रयोगशाळेत अल्कलॉइड आहे का हे पाहायला आम्ही टॅनिक आम्लाचे थेंब टाकून गढूळपणा बघत असू. चांगला कडक चहा आणि अडुळसा एकत्र केलात तर कडूपणा कमी लागेल, पण औषधातलाही काही भाग गाळणीत राहील. सूनबाईंचा चहा चवीसाठी प्या. त्यात वाईट काही नाही. त्याला औषध म्हणू नका, एवढंच.

प्रश्न: मधाऐवजी गूळ चालेल का? आबांना शुगर आहे, पण गूळ आपल्या मळ्यातला, केमिकलविरहित आहे. (करवीर तालुका)

गूळ आपला असो की परका, त्यातला बहुतेक भाग साखरच. कोल्हापुरी गुळाला भौगोलिक मानांकन मिळालं आहे, मधुमेहातून सूट मिळालेली नाही. आबांना काढा कडूच द्या, आणि वर काकवी नको.

प्रश्न: माझे मालक शिरोलीच्या बाजूला फाउंड्रीत (धातू ओतण्याच्या कारखान्यात) फेटलिंगला, म्हणजे ओतलेले भाग घासून साफ करायला आहेत. पुष्कळ दिवस कोरडा खोकला, जिना चढताना धाप लागते. अडुळशाचा अर्क किती दिवस द्यावा? कुणीतरी सांगितलं की अडुळशाने क्षयसुद्धा बरा होतो. (नाव न छापण्याच्या अटीवर)

ताई, अर्क बाजूला ठेवा.

कोल्हापूरच्या फाउंड्रीत साचे वाळूचे असतात आणि वाळू म्हणजे सिलिका. साचा फोडताना आणि कास्टिंग घासून साफ करताना जी बारीक धूळ उडते तिचे सगळ्यात घातक कण डोळ्यांना दिसतच नाहीत. ते फुप्फुसाच्या टोकापर्यंत जातात आणि तिथे अडकतात. शरीर त्यांच्याभोवती चट्टे तयार करतं. याला सिलिकोसिस म्हणतात. अडुळसा काय करतो? श्वासनळीतला कफ पातळ करतो. चट्टा पडलेल्या फुप्फुसाला तो काहीही करत नाही, आणि दुसरं कुठलं औषधही ते चट्टे पुसत नाही. म्हणून धूळ आत जाण्याआधीच अडवावी लागते: घट्ट बसणारा एन-९५ किंवा त्याहून वरचा मास्क (तोंडाला गुंडाळलेला रुमाल नव्हे), धूळ ओढून घेणारी यंत्रणा, जमेल तिथे पाणी मारून काम. सिलिकोसिस हा कायद्याने सरकारकडे नोंद करावा लागणारा आजार आहे. म्हणजे डॉक्टरांना "मी फाउंड्रीत काम करतो" हे वाक्य सांगणं उपचाराइतकंच महत्त्वाचं. पुष्कळ जण नोकरी जाईल म्हणून ते सांगत नाहीत आणि डॉक्टर साधा खोकला समजून औषध देत राहतात.

आता क्षय. अडुळशाची क्षयावरची कीर्ती जुनी आहे आणि तिला थोडा आधारही आहे. १९९६ साली ग्रेंज आणि स्नेल या संशोधकांनी क्षयाच्या जंतूंची वाढ ब्रोमहेक्झिन आणि अँब्रोक्सॉल प्रयोगशाळेत रोखतात असं दाखवलं. पण ते परीक्षानळीत, आणि अडुळशाच्या पानावर नाही, त्याच्यावरून बनवलेल्या औषधांवर. परीक्षानळीत जंतू मारणाऱ्या पदार्थांची यादी करायला बसलात तर त्यात व्हिनेगरही येईल. क्षयाची औषधं वेगळी आहेत, ती कित्येक महिने न चुकता घ्यावी लागतात आणि सरकारी दवाखान्यात मोफत मिळतात.

सिलिकाची धूळ बसलेल्या फुप्फुसात क्षय होण्याची शक्यता जास्त असते. त्यामुळे तुमच्या मालकांच्या बाबतीत हे दोन वेगळे प्रश्न नाहीत. खोकला दोन आठवड्यांपेक्षा जास्त टिकला तर थुंकीची तपासणी करायचीच, हा राष्ट्रीय क्षयरोग कार्यक्रमाचा नियम आहे. कोल्हापूरच्या सीपीआर या सरकारी रुग्णालयात न्या, नाहीतर जवळच्या आरोग्य केंद्रात. थुंकी तपासा, छातीचा एक्स-रे काढा. थुंकीत रक्ताचा ठिपका जरी दिसला तरी दुसऱ्या दिवसावर ढकलू नका. हा अंक हातात पडेल तोवर हे झालेलं असावं अशी माझी इच्छा आहे. पत्रावर पत्ता असता तर मी अंकाची वाट पाहिली नसती.

प्रश्न: मला चौथा महिना आहे. सर्दी-खोकला झालाय. आत्ती म्हणतात, पोटात बाळ असताना इंग्रजी औषध नको, अडुळशाचा काढाच घे. मी दोन दिवस घेतला. (गारगोटीकडून)

ताबडतोब थांबवा. हेच ते काळजीचं पत्र. याचं उत्तर छापायला देण्याआधीच टपालाने पाठवलं आहे, पण तुमच्या आत्तींसारखा विचार करणाऱ्या घरांसाठी इथेही लिहिते.

ज्या व्हॅसिसिनमुळे अडुळसा खोकल्यावर चालतो, तेच व्हॅसिसिन गर्भाशयाचं आकुंचन घडवतं. ही ऐकीव गोष्ट नाही. जम्मूच्या प्रादेशिक संशोधन प्रयोगशाळेत अटल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७० च्या दशकात आणि पुढे व्हॅसिसिनचा अभ्यास केला, तो याच गुणासाठी: बाळंतपणानंतर गर्भाशय आवळून रक्तस्राव थांबवणारं औषध म्हणून आणि गर्भपात घडवणारं औषध म्हणून. ज्या पदार्थाची तपासणी गर्भपातासाठी झाली तो पोटात बाळ असताना काढ्यातून घ्यायचा नाही, इतकं हे सरळ आहे.

दोन दिवसांच्या काढ्याने घाबरून जाऊ नका. घरच्या काढ्यात उतरणारं प्रमाण कमी-जास्त असतं. पण डॉक्टरांना सांगा, आणि पोटात कळ, पाठीत ओढ किंवा रक्तस्राव असं काही झालं तर तडक दवाखाना गाठा. खोकल्यासाठी कोमट पाणी, वाफ, मिठाच्या पाण्याच्या गुळण्या. औषध हवंच असेल तर डॉक्टर या काळात चालणारं देतील. आत्तींवर रागावू नका. त्यांच्या पिढीत अडुळसा म्हणजे घरचं पान आणि गोळी म्हणजे बाहेरचं विष, अशीच विभागणी होती. त्यांना एवढंच सांगा की घरच्या पानातही गोळीइतकीच ताकद आहे. हे ऐकून त्यांना अडुळशाचा अभिमानच वाटेल.

बाटलीबंद अडुळशाच्या सिरपालाही हेच लागू. 'आयुर्वेदिक' असं हिरव्या अक्षरांत लिहिलंय म्हणून गरोदरपणात चालतं असं नाही.

प्रश्न: दहा महिन्यांच्या नातवाला मधातून अडुळशाचा रस एक थेंब? (इचलकरंजी)

नाही. रसाचं नंतर बोलू, आधी मध: एक वर्षाच्या आतल्या बाळाला मध चाटवायचाच नाही. त्यात बॉट्युलिझम या विषबाधेच्या जंतूंचे बीजाणू असू शकतात. मोठ्यांच्या पोटात ते निमूट निघून जातात, बाळाच्या आतड्यात ते रुजून विष तयार करू शकतात. वर्षानंतरच्या मुलांना खोकल्यावर नुसता मध उपयोगी पडतो, आणि तो पुष्कळ सिरपांपेक्षा बरा. अडुळसा लहान मुलांना आपल्या मनाने देऊ नका. बाळाची छाती आत ओढली जात असेल, श्वास भरभर चालला असेल किंवा दूध ओढत नसेल तर ते बालरोगतज्ज्ञांकडे न्या.

प्रश्न: नर्सरीतून अडुळसा म्हणून रोप आणलं. खोड जांभळट काळपट, पानं अरुंद. शेजारी म्हणतात हा अडुळसा नव्हे. शिवाय बाजारातून आणलेली अडुळशाची पावडर तपकिरी आहे. खरं कसं ओळखायचं? (एक निवृत्त शिक्षक, गडहिंग्लज)

गुरुजी, शेजारी बरोबर आहेत. तुम्ही आणलाय तो काळा अडुळसा, जस्टिशिया जेंडारुसा. कुळ एक, झाड वेगळं, रसायनं वेगळी. कुंपणाला शोभतो, ठेवा, पण काढ्याला नको. आपला अडुळसा म्हणजे समोरासमोर येणारी, वितीएवढी लांब, दोन्ही टोकांना निमुळती पानं. पांढरी, दोन ओठांची फुलं, खालच्या ओठावर जांभळट-गुलाबी रेघा. आणि आत दोनच पुंकेसर. फुलाच्या देठाकडून गोड थेंब चोखता येतो, हे तुमच्या वर्गातल्या पोरांनी तुम्हाला आधीच दाखवलं असेल. पान चुरगळलं तर एक उग्र वास येतो. शेळीला दाखवा: शेळी काहीही खाते, पण याला तोंड लावत नाही.

पावडर ही मात्र डोकेदुखी. अडुळशाचं पान वाळल्यावर मळकट हिरवं-तपकिरी होतंच, म्हणून रंगावरून भेसळ कळणार नाही. गुजरातेत महारुखालाही अडुळशाच्या जवळचं नाव आहे, त्यामुळे महारुखाची पानं अडुळसा म्हणून विकली जाण्याची उदाहरणं आहेत. झाडावर असताना दोघांत गोंधळ होणं अशक्य, कारण महारुख हा उंच वृक्ष आणि त्याची पानं कडुनिंबासारखी संयुक्त. पण दळल्यावर सगळं एकच.

प्रयोगशाळेत मात्र अडुळसा लपत नाही. पावडर स्लाइडवर घ्यायची, क्लोरल हायड्रेटने स्वच्छ करायची आणि पाहायची. पर्णरंध्राच्या (पानावरच्या सूक्ष्म छिद्राच्या) दोन्ही बाजूंना आडव्या बसलेल्या दोन पेशी दिसतात, चार पेशींचं डोकं असलेले बुटके ग्रंथिल केस दिसतात, आणि सगळ्यात देखणे म्हणजे सिस्टोलिथ: पेशीत साठलेले कॅल्शियम कार्बोनेटचे लांबोडके खडे. स्लाइडच्या कडेने आम्लाचा थेंब सोडला की त्यांतून बुडबुडे निघतात. महारुखाच्या पानात हे खडे नसतात. मग अर्काचा एक थेंब आणि ड्रॅगेनडॉर्फ अभिकर्मकाचा एक थेंब: नारिंगी साका पडला की अल्कलॉइड आहे. परीक्षेत मी मुद्दाम चहापत्ती मिसळलेला नमुना ठेवायचे आणि बाहेरून आलेले परीक्षक माझ्यावर डोळे वटारायचे. चहातही कॅफीन असतं, पण ते ड्रॅगेनडॉर्फला सहजासहजी दाद देत नाही. ते म्युरेक्साइड चाचणीत सापडतं. हे ज्या पोरांना कळायचं ती पुढे कुठेही पास होतील अशी मला खात्री असे.

घरी हे करणं शक्य नाही. म्हणून पावडर घेऊच नका, झुडूप लावा. फक्त पान कुठून तोडता ते बघा. उसाच्या बांधावरचा अडुळसा फुकट असतो, पण उसाला तणनाशक मारताना फवारा बांधावरही जातो, आणि ते विष काढ्यात उतरत नाही असं कुणी सांगितलेलं नाही. हमरस्त्याच्या कडेचाही नको.

प्रश्न: मग रोप कुठून आणू? फ्लॅटच्या गच्चीत येईल का? (शाहूपुरी)

विकत आणायची गरज नाही. कुणाच्याही कुंपणातून पेन्सिलीहून जाड, तीन-चार डोळ्यांची, वीतभर फांदी पावसाच्या तोंडाला कापून घ्या, निम्मी मातीत खुपसा, वरची पानं अर्धी छाटून टाका. गच्चीत मोठी कुंडी हवी, खाली भोक मोकळं, कारण पाणी साचलं तर मुळं कुजतात. ऊन चांगलं लागू द्या. पहिलं वर्ष पानं तोडू नका, नंतर दर वेळी शेंडा खुडत गेलात की फुटवे येऊन झुडूप दाट होतं. कीड फारशी लागत नाही. छाटलेली पानं फेकू नका, बाकीच्या कुंड्यांत मातीवर पसरा. त्यांचं चांगलं हिरवळीचं खत होतं.